माथ्यावरचे ओझे आणि डोंगराचा माथा

डोंगराच्या सर्वांत वरच्या जागेला मराठीत माथा म्हणतात आणि माणसाच्या डोक्यालाही माथाच म्हणतात. डोक्यावरून ओझे वाहून पोट भरणारा तो माथाडी. 1969 साली महाराष्ट्राच्या विधिमंडळाने या कष्टकऱ्यांसाठी कायदा केला, तेव्हा त्याच्या नावात 'माथाडी' आणि 'हमाल' हे दोन शब्द शेजारीशेजारी बसवले. पहिला इथल्या मातीतला, दुसरा अरबस्तानातून आलेला. 'हमाल'च्या मुळाशी ह-म-ल ही तीन अक्षरे आहेत. वाहणे, उचलणे, धारण करणे असा त्यांचा अर्थ. उर्दूत आईच्या पोटातल्या गर्भाला 'हमल' म्हणतात तेही याच मुळातून. म्हणजे जालन्याच्या मोंढ्यात पाठीवर सोयाबीनचे पोते घेऊन फळीवरून ट्रकात चढणारा माणूस आणि नऊ महिने लेकरू वाहणारी बाई या दोघांना भाषेने एकाच घरात बसवले आहे.

हीच तीन अक्षरे कुरआनच्या सूरह अहज़ाबच्या अखेरीस येतात. तिथे असे सांगितले आहे की ईश्वराने आकाश, पृथ्वी आणि पर्वत यांच्यापुढे एक अमानत ठेवली. ती वाहायला त्यांनी नकार दिला, ते घाबरले, आणि माणसाने ती उचलली. त्याबद्दल माणसाची पाठ थोपटलेली नाही, उलट त्याला जालीम आणि अडाणी म्हटले आहे. या अमानतीचा नेमका अर्थ काय यावर मुफस्सिरांनी पुष्कळ लिहिले आहे. कुणी तिला श्रद्धा म्हणतो, कुणी बुद्धी, कुणी बऱ्यावाईटाची निवड करण्याची मोकळीक. आम्ही आलिम नाही, त्या वादात पडत नाही. आम्हांला अडवून धरते ती एवढीच गोष्ट की, ज्याच्याकडे पाहून माणसाची छाती दडपते त्या पहाडाने ओझे नाकारले आणि पाच-साडेपाच फुटांच्या माणसाने ते घेतले. आता हाच माणूस पहाड चढायला निघतो तेव्हा आपले ओझे दुसऱ्याच्या पाठीवर देतो. हे योग्य की अयोग्य? आणि योग्य असेल तर कुठपर्यंत?

जालना जिल्ह्यातल्या माणसाने हिमालयावर लिहावे याचे कुणाला हसू येईल. आमच्याकडे उत्तरेला भोकरदन-जाफराबादच्या अंगाला अजिंठ्याच्या रांगेचे फाटे आहेत, अंबड तालुक्यात रोहिलागड आहे, अंबड गावात मत्स्योदरीची टेकडी आहे. बाकी काळी माती, कापूस, मोसंबी आणि शहराबाहेर लोखंडी सळया तयार करणारे कारखाने. आमच्या मुलांनी बर्फ पाहिला तो गोळेवाल्याच्या गाडीवर. पण उर्दू शिकणाऱ्याच्या घरात हिमालय फार लवकर येतो. इक्बाल यांच्या 'बांग-ए-दरा' या संग्रहाची सुरुवातच 'हिमाला' या कवितेने होते, आणि त्यांचा तराणा तर आमची मुले अक्षरओळख होण्याआधी पाठ म्हणतात. त्यातला पर्वत देशाची राखण करतो. तो चढायचा असतो हे मुलांना पुढे कधीतरी वर्तमानपत्रातून कळते.

मे 2016 मध्ये ते फार जवळून कळले. तेव्हाच्या औरंगाबाद ग्रामीण पोलीस दलातले शिपाई रफिक शेख एव्हरेस्टच्या माथ्यावर पोहोचले. मराठवाड्यातून तिथवर गेलेले ते पहिले. त्याआधी 2014 साली बर्फाचा कडा कोसळल्यामुळे आणि 2015 साली नेपाळातल्या भूकंपामुळे त्यांना परतावे लागले होते. दोनदा रिकाम्या हाताने आलेला माणूस तिसऱ्यांदा कर्ज काढायला, सुट्टी मागायला, लोकांचे टोमणे ऐकायला तयार होतो, ही हिंमत लहान नव्हे. मराठवाड्यातल्या उर्दू शाळांना त्या दिवसांत फार आनंद झाला. आपल्यासारखे नाव, आपल्यासारखी बोली, सरकारी नोकरीतला साधा शिपाई, आणि जगात सर्वांत उंच! दोन वर्षांनी, 2018 च्या मे महिन्यात, त्याच शहरातल्या मनीषा वाघमारे तिथे पोहोचल्या. त्याही 2017 साली शिखर समोर दिसत असताना हवेने दगा दिल्यामुळे मागे फिरल्या होत्या. (2016 च्या त्याच मे महिन्यात पुण्याच्या एका पोलीस दांपत्याने दुसऱ्याच्या छायाचित्रांत फेरफार करून एव्हरेस्ट चढल्याचा दावा केला, आणि नेपाळ सरकारने त्यांची प्रमाणपत्रे रद्द करून त्यांना दहा वर्षांची बंदी घातली. शिखराची हाव माणसाला कुठवर नेते ते यावरून दिसते, पण तो आमचा विषय नाही.)

रफिक शेख यांची हकीकत आम्ही दरवर्षी सातवीच्या वर्गात सांगतो. प्राणवायू कसा विरळ होतो, बोटे कशी काळी पडतात, आठ हजार मीटरच्या वरच्या पट्ट्याला मृत्युक्षेत्र का म्हणतात, हे सगळे मुले डोळे विस्फारून ऐकतात. एका वर्षी मोंढ्यातल्या हमालाच्या मुलाने हात वर केला. "सर, उनका सामान कौन उठाया?"

सामान शेर्पांनी उचलले, हे उत्तर आम्ही दिले. तो खाली बसला. पण हे उत्तर आहे का? शेर्पा हे धंद्याचे नाव नव्हे, जमातीचे आहे. त्याचा अर्थ पूर्वेकडचे लोक. काही शतकांपूर्वी ते तिबेटच्या खाम भागातून खुंबूच्या खोऱ्यात आले, याक पाळू लागले, बटाटा लावू लागले, उंच खिंडींतून तिबेटशी व्यापार करू लागले. ज्याला आपण एव्हरेस्ट म्हणतो त्याला ते चोमोलुंग्मा म्हणतात आणि तिथे मियोलांगसांग्मा नावाच्या देवीचा वास आहे असे मानतात. त्या माथ्यावर पाय ठेवावा असे त्यांच्या पूर्वजांच्या मनात आले नव्हते. देवीच्या घराच्या छपरावर कोण चढेल? साहेब आले, मजुरीसाठी माणसे शोधू लागले, आणि विरळ हवेत पाठीवर ओझे घेऊन चालणारी ही माणसे त्यांना सापडली. तेव्हापासून 'शेर्पा' म्हणजे ओझेवाला असा अर्थ जगाने परस्पर लावून टाकला. आमच्या समाजातल्याही कितीतरी जमातींची नावे अशीच धंद्यात बुडाली आहेत, त्यामुळे हे आम्हांला नवे नाही. आजही चढाईआधी पायथ्याच्या तळावर लामा येतो, दगडांचा ओटा रचला जातो, सुगंधी झुडपांचा धूर होतो, पताका बांधल्या जातात आणि देवीची परवानगी व क्षमा मागितली जाते. पाहुणे त्या पूजेची छायाचित्रे काढतात.

तळाच्या वर लगेच खुंबूचा हिमप्रपात लागतो. गोठलेली नदीच ती, सतत सरकणारी, भेगांनी चिरलेली. तिच्यावर शिड्या आणि दोर बांधायचे काम शेर्पाच करतात. गिऱ्हाईक हा पट्टा मोजक्या वेळा ओलांडते. त्याचा तंबू, चूल, डाळ-तांदूळ, प्राणवायूच्या नळ्या वर नेऊन ठेवणारा मात्र त्याहून कितीतरी अधिक वेळा. 18 एप्रिल 2014 रोजी पहाटेच्या सुमारास वरचा बर्फाचा कडा याच पट्ट्यात कोसळला आणि 16 नेपाळी कामगार गेले. मेलेल्यांत गिऱ्हाईक एकही नव्हते. सरकारने प्रत्येक घराला आधी 40 हजार नेपाळी रुपये जाहीर केले. ज्या डोंगराच्या परवान्यापोटी हजारो डॉलर घेतले जातात, त्या डोंगरावर मेलेल्या माणसाची ही किंमत ऐकून शेर्पांनी काम थांबवले आणि त्या वर्षीचा हंगाम बंद पडला. नंतर विम्याची रक्कम वाढली. रफिक शेख यांना पहिल्यांदा परतावे लागले ते याच दुर्घटनेमुळे. मराठवाड्याच्या वर्तमानपत्रांत तेव्हा मोहीम हुकल्याची बातमी आली. ती त्यांच्या दृष्टीने बरोबरच होती. तरीही त्या सोळांच्या घरी त्या दिवशी वेगळीच बातमी गेली होती.

यावर एक उत्तर नेहमी दिले जाते, आणि ते पोकळ नाही. पैसे मिळतात ना? कुणी जबरदस्ती केली आहे का? खरे आहे, खुंबूत पैसा आला. एडमंड हिलरी यांनी पुढाकार घेऊन 1961 साली खुमजुंगला शाळा उभी केली, 1966 साली खुंदेला रुग्णालय उभे राहिले. शेर्पांची मुले आज वैमानिक आणि डॉक्टर आहेत, मोहिमांच्या कंपन्याही आता पुष्कळशा त्यांच्याच आहेत. कामी रिता शेर्पा 2025 पर्यंत 31 वेळा एव्हरेस्टवर गेले. जानेवारी 2021 मध्ये नेपाळच्याच दहा जणांनी के-टू हे शिखर भर हिवाळ्यात पहिल्यांदा गाठले, आणि शेवटची काही पावले सर्वांनी मिळून टाकली म्हणजे पहिला कोण हा प्रश्नच राहू नये. शहरातल्या माणसाने दयेपोटी डोंगरावर जाणे सोडले तर या लोकांच्या चुली विझतील. आम्ही हे सारे मान्य करतो.

पण 'जबरदस्ती केली आहे का' या प्रश्नाशी आम्ही जरा अधिक परिचित आहोत. आमच्या जिल्ह्यातून दरवर्षी दसरा-दिवाळीनंतर माणसे ऊसतोडीला जातात. नवराबायकोच्या जोडीला तिथे 'कोयता' म्हणतात. माणसाचे नाव जाऊन हत्याराचे लागते. मुकादमाकडून आधी जी रक्कम घेतात तिला 'उचल' म्हणतात. उचल घेतली की मग मोळी उचलावीच लागते, ताप असो की पोटात लेकरू असो. कागदावर पाहिले तर कुणी कुणाला बांधलेले नाही. उचल घेताना बाई हसतमुखाने अंगठाही देईल. तिच्यापुढे दुसरा रस्ता होता का हे कागद विचारत नाही. डोंगरावर जाणाऱ्याच्या आणि त्याचे ओझे नेणाऱ्याच्या जोखमीत हाच फरक आहे. पहिल्याने ती हौसेने निवडली आहे, आणि नको वाटल्यास तो घरी बसू शकतो. दुसऱ्यासाठी ती महिन्याचा किराणा आहे. दोघे एकाच दोराला बांधलेले असतात म्हणून दोघांचे धाडस एकच, असे म्हणणे आम्हांला पटत नाही.

के-टूची पहिली चढाई 1954 सालची, इटालियन लोकांची. 8,611 मीटरच्या त्या शिखरावर 31 जुलै रोजी कॉम्पान्योनी आणि लाचेदेल्ली हे दोघे पोहोचले. त्यांना लागणाऱ्या प्राणवायूच्या नळ्या आदल्या दिवशी वर नेणारे दोघे होते : चोवीस वर्षांचा वॉल्तेर बोनात्ती आणि हुंझाचा अमीर महदी. ठरल्या जागी तंबू नव्हता. पुढच्या दोघांनी तो ठरल्यापेक्षा वर आणि बाजूला लावला होता. अंधार पडला, हाका झाल्या, वरून एकदा दिवा दिसला, नळ्या तिथेच ठेवून खाली जा असे सांगणारा आवाज आला आणि मग काहीच नाही. त्या दोघांनी सुमारे 8,100 मीटरवर, तंबूशिवाय, बर्फात खणलेल्या ओट्यावर रात्र काढली. महदीच्या पायांत उंचावरचे खास बूट नव्हते. उजाडताच तो खाली निघाला. नळ्या मात्र जागेवर होत्या. त्या घेऊन पुढचे दोघे माथ्यावर गेले आणि सगळ्या इटलीने आनंद केला. महदीच्या दोन्ही पायांची सगळी बोटे कापावी लागली. अनेक महिने तो रुग्णालयात होता. पुन्हा पहाडावर गेला नाही. 1999 साली वारला.

बोनात्तीने पुढे पन्नास वर्षे आपल्यावरच्या आरोपांशी झुंज दिली, आणि अखेर इटलीच्या गिर्यारोहण मंडळाने त्याचे म्हणणे खरे मानले. तो लिहू शकत होता, त्याला वर्तमानपत्रे होती, वकील होते. महदीचे काय? तो न लिहिणारा माणूस होता. वाद झाला तो तंबू कुणी हलवला आणि प्राणवायू कुणी वापरला याचा. बोटांचा वाद झाला नाही. आम्ही मुद्दाम महदीचे उदाहरण घेतो, कारण त्यात पैसे बुडवलेले नाहीत, शिवीगाळ नाही, गोरा-काळा असा उघड जाचही नाही. उलट महदीला शिखराची आशा दाखवून वर नेले होते. मजुरी चुकती झाल्यावरही जे देणे उरते ते इथे स्वच्छ दिसते.

त्या देण्याला नाव काय द्यावे? आमच्या उर्दूच्या वर्गात हजरत उमर (रजि.) यांची एक कथा पिढ्यान्‌पिढ्या सांगितली जाते. रात्री मदीनेच्या बाहेर फिरताना त्यांना एक बाई दिसली. चुलीवर हंडी, भोवती रडणारी मुले, आणि हंडीत नुसते पाणी. मुलांची समजूत पडावी, रडून रडून ती झोपी जावीत, म्हणून चूल पेटवलेली. खलिफा तसेच मागे फिरले, बैतुलमालमधून पिठाचे पोते आणि चरबी काढली आणि पोते पाठीवर द्यायला गुलाम अस्लमला सांगितले. अस्लम म्हणाला, मी नेतो. उमर यांनी त्याला विचारले की कयामतच्या दिवशीही माझे ओझे तूच उचलणार आहेस का. मग ते स्वतः पोते घेऊन गेले, स्वतः फुंकर घालून चूल पेटवली आणि मुलांचे पोट भरेपर्यंत तिथून हलले नाहीत.

ही गोष्ट शिकवताना आम्ही सहसा खलिफाच्या नम्रतेवर थांबतो. परीक्षेत प्रश्नही तसाच येतो. पण अस्लमच्या बाजूने पाहिले तर वेगळे काही दिसते. अस्लम नोकरच होता, इतर दिवशी तोच ओझी वाहत असणार, आणि त्यात उमर यांना गैर वाटत नसणार. इस्लामने मजूर लावायला मनाई केलेली नाही. घाम वाळण्याआधी मजुरी द्यावी अशी पैगंबरांची (स.) शिकवण आहे, म्हणजे मजूर आणि मालक हे नाते गृहीतच धरले आहे. मग त्या रात्री पोते का देता येत नव्हते? कारण त्या रात्री पोत्यात पीठ नव्हते, जबाबदारी होती. कुणीही दुसऱ्याचे ओझे वाहणार नाही असे कुरआनात एकाहून अधिक ठिकाणी सांगितले आहे ते मोंढ्यातल्या पोत्यांबद्दल नव्हे. पोते दुसऱ्याच्या पाठीवर देता येते, पैसे मोजून रोज देता येते. पोते देताना जी जबाबदारी आपल्याकडे उरते ती मात्र त्याच्या पाठीवर चढवता येत नाही. डोंगरावर नेमकी हीच गल्लत होते. तंबू, दोर, चूल यांच्याबरोबर माणूस आपला जीव सांभाळायची जबाबदारीही ओझेवाल्यावर टाकतो, आणि ओझेवाल्याच्या जिवाची जबाबदारी मात्र कुणावरच राहत नाही.

27 जुलै 2023 रोजी के-टूवर हे फार उघडे पडले. मोहम्मद हसन हा बाल्टिस्तानच्या शिगर भागातला सत्तावीस वर्षांचा, तीन मुलांचा बाप, दोर बांधणाऱ्या तुकडीत होता. शिखराखालच्या 'बॉटलनेक' नावाच्या अरुंद उतारावर तो पडला, दोराला लटकला. त्या दिवशी शंभराहून अधिक माणसे माथ्यावर पोहोचली, आणि ती पोहोचली त्याच वाटेने. ड्रोनने टिपलेल्या दृश्यात माणसे त्याला ओलांडून जाताना दिसतात. तिथे असलेल्यांपैकी काहींनी सांगितले की आम्ही त्याला वर ओढले, आमच्यातला एक जण बराच वेळ त्याच्याजवळ थांबला, त्या जागी त्याहून अधिक शक्यच नव्हते. ते खोटे बोलतात असे आम्ही म्हणणार नाही. त्या उंचीवर माणसाला स्वतःचे पाऊल उचलणे जड जाते, आणि सपाट जमिनीवर पंख्याखाली बसून न्याय करणे सोपे असते. तरीही एक प्रश्न उरतोच. त्याच्या अंगावर त्या उंचीला लागणारे पुरेसे कपडे नव्हते असे सांगितले गेले. हे त्याला वर पाठवणाऱ्यांना खाली तळावर, चहा पिताना, दिसले नसेल का? अपघात बॉटलनेकवर झाला, पण दुर्लक्षाला कदाचित त्याच्या कितीतरी खाली, उजेडात, धडधाकट माणसांमध्ये सुरुवात झाली होती. आणि शंभर माणसांना वर जाण्याइतके बळ होते तर खाली उतरण्याइतकेही असणारच.

मराठीत 'शिखर सर केले' म्हणतात. उर्दूतही चोटी 'सर करना' म्हणतात. हा 'सर' फारसीतून दोन्हींकडे आला, किल्ले जिंकण्याच्या काळात. भाषेने दिलेला शब्द आहे, वापरणाऱ्याचा दोष नाही. पण किल्ल्यात समोर शत्रू असतो. डोंगराने कुणाचे काय घेतले होते? सूरह बनी इस्राईलमध्ये माणसाला ताकीद दिली आहे की जमिनीवर ताठ्याने चालू नकोस, तू धरती फाडू शकणार नाहीस आणि उंचीत पहाडांनाही गाठू शकणार नाहीस. चढू नकोस असे तिथे म्हटलेले नाही. मक्केजवळ नूर पर्वतावर हिराची गुहा आहे. पैगंबर (स.) तिथे चढून जात, दिवसच्या दिवस राहत. माथा जिंकायला नव्हे, एकांतासाठी.

थांबता येते, हेही माणसाने दाखवले आहे. 1955 साली जॉर्ज बँड आणि जो ब्राऊन कांचनजंगाच्या माथ्यापासून काही फुटांवर थांबले, कारण सिक्कीमच्या राजाला तसा शब्द दिला होता. त्यानंतर तिथे गेलेल्या अनेकांनी तो पाळला. 1957 साली नेपाळातल्या माच्छापुच्छ्रेवर गेलेले इंग्रज माथ्याच्या जरा खालून परतले, आणि पुढे ते शिखर चढाईला बंदच झाले. शेवटची काही पावले न टाकल्याने त्यांचे काय कमी झाले? कांचनजंगाच्या पहिल्या चढाईचा मान आजही बँड आणि ब्राऊन यांचाच आहे. स्थानिक लोकांची श्रद्धा आपल्याला पटली पाहिजे असे नाही. देवी माथ्यावर बसते हे आमच्या श्रद्धेत बसत नाही. पण शेजाऱ्याच्या घरात शिरताना चपला बाहेर काढायला त्याचा धर्म पटावा लागत नाही.

महाराष्ट्रात सर्वांत उंच जागा कळसूबाईची, 1,646 मीटर. रविवारी तिथे पुण्या-मुंबईच्या पोरांची रांग लागते, लोखंडी शिड्यांवर छायाचित्रे निघतात. पायथ्याच्या बारी गावची आदिवासी माणसे जेवण देतात, वाट दाखवतात, पाणी आणि लिंबूसरबत डोक्यावरून वर नेऊन विकतात. ही कळसू कोण होती? जुनी कथा अशी की ती कोळ्याची पोर, घरकामाला राहताना अट घातली होती की मी भांडी घासणार नाही, केर काढणार नाही. एके दिवशी मालकाने भांडी घासायला लावलीच. तिने घासली, आणि ती डोंगरावर निघून गेली, पुन्हा खाली आली नाही. जिथे भांडी घासली ती जागा थाळेमेळ म्हणून दाखवतात. म्हणजे आपल्या राज्याचा सर्वांत उंच माथा एका मोलकरणीच्या नावाने आहे, अट मोडली म्हणून काम सोडून गेलेल्या. किती ट्रेकर ही गोष्ट विचारतात कोण जाणे.

आमच्या जिल्ह्यातून दरवर्षी हिंदू बांधव अमरनाथला जातात. 3,888 मीटरवरच्या त्या गुहेपर्यंत चालवत नसेल त्याला घोडा मिळतो, पालखी मिळते, पाठीवर सामान घेणारा पिट्ठू मिळतो, आणि हे घोडेवाले, पालखीवाले, पिट्ठू बहुतेक मुसलमान असतात. ती गुहा बुटा मलिक नावाच्या मुसलमान गुराख्याला सापडली अशी तिथली परंपरा सांगते. 2000 सालच्या कायद्याने देवस्थान मंडळ येईपर्यंत त्याच्या वंशजांना दानातला वाटा मिळत असे. परत आलेले यात्रेकरू प्रसाद देताना हटकून आपल्या घोडेवाल्याची गोष्ट सांगतात, त्याने कुठे हात धरला, कुठे चहा पाजला. त्याचे नावही पुष्कळांना आठवते. 22 एप्रिल 2025 रोजी पहलगामजवळच्या बैसरन कुरणात धर्म विचारून माणसे मारली गेली. 26 जण गेले, त्यांत सहा महाराष्ट्राचे. आणि एक सय्यद आदिल हुसेन शाह, घोडेवाला, जो पर्यटकांना वाचवण्यासाठी मारेकऱ्यावर धावून गेला असे त्याच्या घरच्यांनी आणि तिथल्या लोकांनी सांगितले. त्याने ज्यांना घोड्यावरून वर आणले होते त्यांचे त्याच्याकडे काय देणे होते? भाडे ठरले होते ते फक्त नेण्याआणण्याचे. अमानत कशाला म्हणतात यावर मुफस्सिरांनी जे लिहिले, ते त्या रोजंदारीच्या माणसाने वाचले असण्याचा संभव कमी.

ओझेवाल्याची बाजू ओझेवाल्यानेच लिहिली असे एक पुस्तक आहे. लडाखच्या लेहमधला गुलाम रसूल गलवान, गरीब घरचा मुलगा, बारा-तेरा वर्षांचा असल्यापासून साहेबांच्या मोहिमांवर जात राहिला. गलवान नदीला त्याचेच नाव आहे. 2020 साली तिथे चकमक झाली तेव्हा ते सगळ्या देशाला ठाऊक झाले, माणूस मात्र फार थोड्यांना. त्याने मोडक्यातोडक्या इंग्रजीत आपली हकीकत लिहून काढली आणि 1923 साली ती 'सर्व्हंट ऑफ साहिब्स' या नावाने छापून आली. तिचा मराठी अनुवाद कुणी केला तर उर्दू-मराठी दोन्ही जाणणाऱ्या आमच्यासारख्यांना बरे वाटेल. मोहिमांवरची मराठी पुस्तके आमच्या शाळेच्या कपाटातही आहेत, चांगली आहेत. त्यांत शेर्पांची नावे असतात, त्यांच्या बळाचे आणि हसतमुखपणाचे कौतुक असते. घरी कोण आहे, मुलगी कितवीत आहे, या हंगामातला पैसा कशावर जाणार आहे, हे क्वचित असते.

तेनझिंग नोर्गे यांनी 29 मे 1953 रोजी माथा गाठला, त्याआधी कित्येक मोहिमांवर ते ओझे घेऊन गेले होते. माझ्या मुलांना हे करावे लागू नये म्हणून मी ते केले, अशा अर्थाचे ते घरी बोलत, आणि त्यांनी मुलांना चांगल्या शाळांत घातले. आमच्या वर्गात 'सामान कौन उठाया' विचारणाऱ्या मुलाचे वडीलही पालकसभेला येतात तेव्हा दुसरे काही विचारत नाहीत. पोराच्या पाठीवर दप्तराशिवाय काही येऊ नये, एवढेच त्यांचे मागणे असते. तेनझिंग यांचा मुलगा जामलिंग मात्र 1996 साली एव्हरेस्टवर चढला. वडिलांच्या मागे, स्वतःच्या मर्जीने, आणि निघण्याआधी त्याने लामांकडे जाऊन शकुन विचारला होता.